शूट पण स्वतः, एडिट पण स्वतः: फ्रेंच डॉक्युमेंटरीवाल्यांची पद्धत ठाणे-नवी मुंबईत कशी वापरायची

ऐरोली, कळवा, कोपरखैरणे इकडची बरीच पोरं-पोरी विचारतात की डॉक्युमेंटरी करायचीये तर आधी कॅमेरा शिकू की एडिटिंग. माझं उत्तर दरवेळी एकच असतं, दोन्ही शिका आणि एकत्रच शिका. कथापटात स्क्रिप्ट आधी असते, कोणता शॉट कुठे लागणार ते बऱ्यापैकी ठरलेलं असतं, पण डॉक्युमेंटरीत खरी स्क्रिप्ट एडिटला बसल्यावर लिहिली जाते, मग जो माणूस एडिटला कधी बसलाच नाही त्याला गर्दीत उभं राहून कॅमेरा चालू असताना कसं कळणार की आपल्याकडे सीन झालाय की अजून नाही झाला. आणि नुसता एडिटर असेल तर त्याला दुसऱ्याने आणलेल्या मटेरियलवर रडत बसावं लागतं की अरे हा शॉट दोन सेकंद अजून धरला असता तर.

हे दोन्ही एकाच माणसाने करणं म्हणजे पैसे नाहीत म्हणून केलेली तडजोड आहे असं आपल्याकडे समजतात, तसं अजिबात नाहीये. फ्रान्समध्ये याची मोठी परंपरा आहे, म्हणूनच मी तिकडची उदाहरणं घेऊन आणि आपल्या इथली जागा घेऊन पूर्ण प्रोसेस सांगतोय, विषय निवडण्यापासून फेस्टिव्हलला पाठवण्यापर्यंत.

आधी कोणाचं काम बघायचं

सिनेमाची सुरुवातच बघा ना. ल्युमिएर बंधूंचं १८९५ चं सिनेमॅटोग्राफ यंत्र शूट पण करायचं, त्याच यंत्रात प्रिंट पण निघायची आणि त्याच यंत्रातून पडद्यावर दाखवताही यायचं. म्हणजे त्यांचा ऑपरेटर एक पेटी घेऊन गावोगाव जायचा आणि सगळं तोच करायचा. ७ जुलै १८९६ ला मुंबईत काळा घोड्याजवळच्या वॉटसन हॉटेलमध्ये जो पहिला खेळ झाला तो त्यांच्याच माणसाने, मारियस सेस्टिएने केला होता. एकट्या माणसाने सगळं सांभाळायची सवय इतकी जुनी आहे.

त्यानंतर जाँ रूश. शिक्षणाने इंजिनिअर, आफ्रिकेत नायजरमध्ये रस्ते-पुलांच्या कामाला गेलेले आणि तिथेच फिल्म बनवायला लागले. नायजर नदीच्या प्रवासात त्यांचा ट्रायपॉड गेला आणि त्यांना हातात धरून शूट करावं लागलं, पुढे तीच त्यांची पद्धत झाली. १९६० च्या उन्हाळ्यात त्यांनी समाजशास्त्रज्ञ एदगार मोरँ यांच्याबरोबर पॅरिसच्या लोकांना घेऊन 'क्रॉनिकल ऑफ अ समर' शूट केली, तेव्हा हलका कॅमेरा आणि खांद्याला लटकवता येणारा नाग्रा रेकॉर्डर नुकताच हाताशी आला होता, म्हणजे चालत्या माणसाचा आवाज चालता चालता घेता यायला लागला. आज आपल्या मोबाईलमध्ये ते सगळं आहे, त्यामुळे इक्विपमेंट नाही ही अडचण आता सांगायची नाही.

रेमों दपार्दों शेतकऱ्याच्या घरातले, आधी फोटोग्राफर, गामा या फोटो एजन्सीच्या संस्थापकांपैकी एक, मग मॅग्नम या दुसऱ्या फोटो एजन्सीत. आपल्या फिल्मचा कॅमेरा स्वतःच करतात आणि साउंड बऱ्याच फिल्म्सना त्यांची बायको क्लोदीन नुगारे करतात, दोनच माणसांचं युनिट. फ्रान्समधल्या डोंगराळ भागातल्या म्हाताऱ्या शेतकऱ्यांवर त्यांनी तीन फिल्म्स केल्या, २००१, २००५ आणि २००८ ला आल्या, म्हणजे विचार करा त्याच घरांमध्ये किती वर्षं जात राहिले असतील. स्वयंपाकघरातल्या टेबलाशी म्हातारा कॉफी पितोय आणि कॅमेरा हलत नाही, तुम्ही बघत राहता आणि हळूहळू त्या माणसाचं सगळं कळायला लागतं.

आन्येस वार्दा सुद्धा फोटोग्राफीतूनच आल्या. वयाची सत्तरी ओलांडलेली असताना त्यांनी छोटा डिजिटल कॅमेरा हातात घेतला आणि 'द ग्लीनर्स अँड आय' केली, २००० साली आली. शेतात काढणीनंतर उरलेले बटाटे गोळा करणारे, बाजार उठल्यावर पडलेली भाजी-फळं वेचणारे लोक. एका हातात कॅमेरा आणि त्याच कॅमेऱ्याने स्वतःचा दुसरा सुरकुतलेला हात शूट केलाय त्यांनी. ही फिल्म बघितल्यावर तुर्भ्याच्या मार्केटमधून तुम्ही पूर्वीसारखे चालूच शकत नाही, ते का ते पुढे सांगतो.

आणि निकोला फिलिबेर. २००२ ची 'टु बी अँड टु हॅव', एका खेड्यातली एकाच खोलीत सगळ्या वयाची मुलं शिकतात ती शाळा. २०२३ ला बर्लिनचं सगळ्यात मोठं बक्षीस, गोल्डन बेअर, त्यांच्या 'ऑन द अ‍ॅडमंट'ला मिळालं, पॅरिसमध्ये सीन नदीवर तरंगणारं मानसिक रुग्णांसाठीचं डे सेंटर आहे त्यावर. डायरेक्शन त्यांचं, कॅमेराही त्यांनीच धरला आणि एडिटलाही तेच बसले. मोठ्या फेस्टिव्हलला मोठ्या युनिटशिवाय जाता येत नाही असं वाटणाऱ्यांनी ही फिल्म शोधून बघा.

आपल्याकडचं ताजं उदाहरण रणबीर दास. पायल कपाडियाच्या 'अ नाइट ऑफ नोइंग नथिंग'चा कॅमेरा पण त्याचा आणि एडिट पण त्याचाच, फिल्ममध्ये फ्रेंच कंपनीची भागीदारी होती आणि २०२१ ला कानमध्ये डॉक्युमेंटरीचं 'गोल्डन आय' बक्षीस मिळालं. दोघंही पुण्याच्या एफटीआयआयचे, म्हणजे फिल्म इन्स्टिट्यूटचे. म्हणजे आपल्या इथून तिकडे रस्ता आहे, लोक गेलेत त्यावरून.

विषय घराजवळचाच घ्या

लडाखला जाऊन डॉक्युमेंटरी करायची हौस सगळ्यांना असते पण पहिली फिल्म लोकल ट्रेनच्या पासावर झाली पाहिजे. कारण साधं आहे, तुम्हाला तिथे पुन्हा पुन्हा जायचंय. दपार्दों वर्षानुवर्षं गेले म्हणून ते शेतकरी कॅमेऱ्यासमोर बोलले, चार दिवसांचं हॉटेल बुक करून ते होत नाही.

ठाणे-नवी मुंबईत विषयांची काय कमी आहे. चेंदणी कोळीवाडा, दिवाळे गाव, खाडीत अजून होडी घालणारे लोक, ठाणे खाडीचे फ्लेमिंगो (२०१५ ला अभयारण्य आणि २०२२ ला रामसर साइट, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा झाली), नवी मुंबई वसवणाऱ्या सिडकोने १९७० नंतर जमिनी घेतल्या ती गावं आणि गेलेल्या जमिनीच्या बदल्यात साडेबारा टक्के विकसित जमीन मिळावी म्हणून त्यांची लढाई, यातल्या प्रत्येकावर चांगली फिल्म होऊ शकते. मी इथे उदाहरणाला तुर्भ्याचं एपीएमसीचं, म्हणजे बाजार समितीचं भाजी मार्केट घेतो. मुंबईतले घाऊक बाजार ऐंशी-नव्वदच्या दशकात हळूहळू इकडे हलले आणि आता रोज रात्री नाशिक, पुणे, सातारा कुठून कुठून गाड्या येतात, पहाट व्हायच्या आत माल उतरतो, विकला जातो, आणि ठाण्याच्या जांभळी नाक्यापासून आपल्या सोसायटीच्या गेटवरच्या भाजीवाल्यापर्यंत पोचतो. मुंबईकर ती भाजी खातो पण ती पाठीवर घेणारा माणूस त्याला दिसत नाही, म्हणून मला हा विषय फार जवळचा वाटतो.

पहिले काही दिवस कॅमेरा न घेता जा. हे ऐकायला कंटाळवाणं वाटतं पण सगळ्यात महत्त्वाचं काम हेच आहे. वही घेऊन जा, चहाच्या टपरीवर बसा, आवक कधी सुरू होते, कोणत्या गाळ्यावर आधी गर्दी होते, माथाडी कामगार कुठे विश्रांती घेतात, माल मोजणारा मापाडी कुठे उभा असतो, वाराई (गाडी खाली करायचे पैसे) कोण घेतं आणि त्यावरून वाद कधी होतात, ते लिहून काढा. लाइट कुठून येतो ते पण लिहा, एखादा गाळा पिवळ्या बल्बमध्ये असतो, शेजारचा पांढऱ्या एलईडीमध्ये, आणि पहाटे निळा उजेड आत यायला लागतो तो नेमका कुठून शिरतो हे माहीत असलं तर तुम्ही त्या वेळी तिथेच उभे राहाल. आणि त्यात एक माणूस सापडतो. सगळ्या मार्केटवर फिल्म होत नाही, एका माणसावर होते, मार्केट त्याच्यामागून येतं.

परमिशनचं सांगतो. बाजार समितीच्या ऑफिसला लेखी अर्ज, गाळेवाल्याला तोंडी विचारायचं, आणि ज्याच्यावर फिल्म आहे त्याची संमती मराठीत एका कागदावर, वाचून दाखवून, सही किंवा अंगठा, शिवाय कॅमेऱ्यासमोर पण बोलून घ्या. रेल्वे स्टेशनवर परवानगीशिवाय कॅमेरा काढू नका, तिथे वेगळी परवानगी आणि वेगळे पैसे लागतात. ड्रोनचा विचार सोडून द्या, आता नवी मुंबईत विमानतळ आहे आणि नियम कडक आहेत, आणि खरं सांगायचं तर भाजी मार्केटवर वरून काढलेला शॉट कोणालाच काही सांगत नाही.

मटेरियलची मालकी कोणाची हे पण पहिल्या दिवशी लिहून घ्या, विशेषतः कोणी पैसे देत असेल तर. दपार्दोंनी १९७४ ला जिस्कार देस्तँ यांचा निवडणूक प्रचार शूट केला, पैसे जिस्कारनीच दिले होते, ते राष्ट्राध्यक्ष झाले आणि त्यांना फिल्म आवडली नाही, ती थिएटरला लागायला २००२ उजाडलं. अठ्ठावीस वर्षं! आपल्याकडे एखादी संस्था किंवा स्थानिक नेता म्हणतो ना की मी स्पॉन्सर करतो तुम्ही फक्त शूट करा, तेव्हा ही गोष्ट आठवा आणि आधी कागद करा.

सामान कमीच ठेवा

चांगला मोबाईल किंवा एक मिररलेस बॉडी आणि एक लेन्स, ३५ मिलिमीटरच्या आसपासची. झूम लेन्सने लांबून चेहरे खेचायची सवय लागते, तुम्ही रस्त्याच्या पलीकडे उभे राहून हमालाच्या घामाचा क्लोजअप काढता आणि त्याला माहीतच नसतं, ते मला पटत नाही. एका लेन्सने तुम्हाला जवळ जावं लागतं आणि जवळ जायचं तर आधी ओळख करावी लागते. मोबाईल असेल तर ब्लॅकमॅजिकचं फ्री कॅमेरा अ‍ॅप टाका, त्यात सगळं मॅन्युअल करता येतं.

फ्रेम रेट २५, शटर १/५०. हे पाठ करून ठेवा कारण आपली वीज ५० हर्ट्झची आहे (फ्रान्सची पण), आणि ३० किंवा ६० वर शूट केलंत तर मार्केटमधल्या ट्यूबलाइट पडद्यावर लपलपतात, ते नंतर एडिटला काढता काढता जीव जातो. स्वस्त एलईडी २५ वर पण कधी कधी त्रास देतात, म्हणून शूटच्या आधी प्रत्येक गाळ्याच्या उजेडात दहा सेकंद टेस्ट घ्या. व्हाइट बॅलन्स ऑटोवर ठेवू नका, एका शॉटच्या मध्येच रंग बदलला तर तो शॉट कापायचा कुठे हा प्रश्न येतो. एक्स्पोजर चेहऱ्यावर लॉक करा, मागचा बल्ब जळला तर जळू दे.

पैसे थोडेच असतील तर ते साउंडवर घाला, लेन्सवर घालू नका. एक कॉलर माइक, एक छोटा शॉटगन माइक, त्यावर वाऱ्यासाठीचं केसाळ कव्हर, आणि शक्य असेल तर ३२ बिट फ्लोटवाला रेकॉर्डर, कारण मार्केटमध्ये एका क्षणी माणूस कुजबुजतो आणि पुढच्या क्षणी ट्रक रिव्हर्स घेतो, लेव्हल बदलायला वेळच मिळत नाही. साधा रेकॉर्डर असेल तर सगळ्यात मोठा आवाज मायनस १२ डीबीच्या वर जाऊ देऊ नका. हेडफोन कायम कानावर. प्रत्येक जागेचा एक मिनिट नुसता आवाज रेकॉर्ड करा, कोणीही न बोलता, एडिटला कट लपवायला तोच कामाला येतो. पावसाळ्यात घरी सिलिका जेलचा हवाबंद डबा लागतोच, आपल्या खाडीकाठच्या दमट हवेत लेन्सला बुरशी धरायला वेळ लागत नाही.

शूट करताना डोक्यात एडिटर जागा ठेवा

आता मेन मुद्दा. कॅमेरा चालू केल्यावर स्वतःला सतत विचारायचं, याच्या आधी काय येणार आणि याच्यानंतर काय येणार.

समजा कांद्याची गाडी खाली होतेय. नवीन माणूस काय करतो, इकडे दोन सेकंद, तिकडे तीन सेकंद, पॅन करत करत सगळं थोडं थोडं घेतो, घरी येतो तर ४० क्लिप आणि सीन एकही नाही. असं करा. गाडीच्या मागे उभे राहा, फ्रेम लावा आणि पूर्ण एक गोणी खाली येऊन आत जाईपर्यंत शॉट कापू नका. माणूस फ्रेममध्ये येऊ दे, काम करू दे, फ्रेममधून बाहेर जाऊ दे, आणि तो गेल्यावर पण पाच सेकंद थांबा, तिथेच तुमचा कट आहे. हे काम रिपीट होणारं आहे ना, मग दुसऱ्या गोणीला फक्त हात घ्या, तिसरीला चेहरा, चौथीला पाय आणि ओला फ्लोअर, पाचवीला डोक्यावरची चुंबळ नीट करतो ते. गोणी मोजणाऱ्याचा चेहरा वेगळा घ्या कारण तो दुसरीकडे बघतोय आणि दुसरीकडे बघणारा माणूस तुम्हाला कुठूनही कुठे जाऊ देतो. मग ज्याच्यासाठी हे काम चाललंय तो गाळेवाला. एवढं केलंत की घरी तुमच्याकडे सहा-सात शॉटचा पक्का सीन असतो, जो ४० सेकंदाचा पण होईल आणि चार मिनिटांचा पण.

शॉट कमीत कमी दहा सेकंद न हलवता धरा, मनात मोजा. हातात कॅमेरा असेल तर कोपर छातीला लावा, गुडघे थोडे वाकवा, श्वास हळू. दुसरा डोळा उघडा ठेवा, फ्रेमच्या बाहेर काय चाललंय ते दिसलं पाहिजे, गर्दीत हातगाडी मागून येते आणि ती थांबत नाही, तुमची सेफ्टी पण आहे त्यात. फ्रान्समध्ये ग्रेनोबलला आतों नावाची कॅमेरा कंपनी होती, तिचे जाँ-पिएर बोव्हियाला यांचं म्हणणं होतं की कॅमेरा खांद्यावर मांजरासारखा बसला पाहिजे, त्याच हिशोबाने त्यांनी १६ एमएमचे कॅमेरे बनवले. तुमच्या मोबाईलला खांदा नाहीये पण वजन कुठे घ्यायचं हा विचार तोच.

ट्रायपॉड लावायचा की हातात धरायचं यावर भांडणं होतात. माझं मत, माणूस चालत असेल तर तुम्ही पण चाला, माणूस बसून बोलत असेल तर कॅमेरा खाली ठेवा आणि हलवू नका. पहाटे पाचला काम संपवून चहा घेताना एखादे काका गावच्या शेताबद्दल बोलायला लागले की कॅमेरा हलता कामा नये, ते थांबले तरी तुम्ही रेकॉर्डिंग थांबवू नका. बहुतेक वेळा खरी गोष्ट गप्प बसल्यानंतर येते. प्रश्न कमी विचारा आणि ज्याचं उत्तर 'हो' किंवा 'नाही' येईल असा तर विचारूच नका. 'तुम्हाला त्रास होतो का' असं विचारण्यापेक्षा 'काका, कालची रात्र कशी गेली सांगा' हे विचारा. आणि प्रश्न संपल्यावर दोन सेकंद थांबा म्हणजे तुमचा आवाज त्यांच्या आवाजावर येणार नाही.

बाजार उठल्यावर निघून जाऊ नका. आठ-नऊ नंतर, जेव्हा बाकी सगळे कॅमेरे बंद करतात, तेव्हा कोबीची पानं, फुटलेले टोमॅटो यातून चांगलं तेवढं निवडणारी माणसं येतात. वार्दांची फिल्म मी मगाशी सांगितली ती यासाठी. पण इथे जास्त जपून. आधी बोला, नाव विचारा, आपण कोण ते सांगा, आणि एखादी मावशी म्हणाली 'नको रे बाळा' तर कॅमेरा पिशवीत. चेहरा न दाखवता हात, पिशवी, निवडण्याची पद्धत शूट करता येते, पण ते सुद्धा विचारूनच.

त्याच दिवशी घरी आल्यावर

झोप आली असली तरी आधी कॉपी. १०० एमबीपीएसला शूट केलंत तर तासाला ४५ जीबी होतात, म्हणजे वीस तासांचं मटेरियल ९०० जीबी, म्हणून सुरुवातीलाच एक टीबीच्या वरच्या दोन हार्ड डिस्क घ्या, दोन्हीवर तेच, आणि एक डिस्क दुसऱ्या घरी ठेवा, आत्याकडे, मित्राकडे, कुठेही. दोन्ही कॉपी उघडून चेक केल्याशिवाय कार्ड फॉरमॅट करायचं नाही. फोल्डरला नाव तारखेने द्या, वर्ष आधी, मग महिना, मग दिवस, मग जागा.

मग पूर्ण रशेस, म्हणजे शूट केलेलं कच्चं मटेरियल बघा. पूर्ण म्हणजे पूर्ण, फास्ट फॉरवर्ड न करता. पॅरिसमध्ये आतलिए व्हारान नावाची डॉक्युमेंटरीची शाळा आहे, १९८१ ला सुरू झाली, रूश यांनी १९७८ ला मोझांबिकमध्ये तिथल्याच लोकांना कॅमेरा शिकवला त्यातून निघालेली. तिथे विद्यार्थी स्वतः शूट करून आणतो आणि सगळे मिळून ते रशेस बघतात, त्यावर बोलतात. हे तुम्ही घरी करू शकता. तीन-चार जण गोळा करा, एकाच्या हॉलमध्ये टीव्हीला लॅपटॉप लावा, ज्याने शूट केलंय त्याने गप्प बसायचं. शूट चालू असतानाच हे करायचं, शूट संपल्यावर नाही, कारण आज दिसलेली कमतरता उद्या पहाटे भरता येते, आणि एकट्याने दोन्ही कामं करण्याचा सगळ्यात मोठा फायदा हाच आहे की आज रात्रीचा एडिटर उद्याच्या कॅमेरामनला ऑर्डर देऊ शकतो.

बघताना एक शीट भरा, क्लिपचं नाव, वेळ, कोण आहे, काय होतं, काय बोललं, आणि शेवटच्या कॉलममध्ये फक्त तुम्हाला काय वाटलं ते, हसू आलं, कंटाळा आला, अंगावर काटा आला. हा शेवटचा कॉलम सगळ्यात किमती आहे. महिनाभराने तोच शॉट पन्नासदा बघून झाल्यावर तुम्हाला काहीच वाटत नाही, तेव्हा पहिल्यांदा काय वाटलं होतं ते लिहिलेलंच कामाला येतं. बोलणं पूर्ण टाइप करा, आगरी, साताऱ्याकडची, जुन्नरकडची जशी बोली असेल तशीच, सुधारून लिहू नका.

एडिट

डाविंची रिझॉल्व्हची फ्री व्हर्जन पुरते. लॅपटॉप जुना असेल तर प्रॉक्सी बनवा, छोट्या साइजच्या फाइल्सवर काम करा आणि एक्सपोर्टला ओरिजनल. टाइमलाइन २५ चीच.

पहिल्या क्लिपपासून सुरुवात करून शेवटपर्यंत जायचं असं करू नका. आधी सुटे सीन बांधा. गाडी खाली होते हा एक, सौदा हा एक, चहा हा एक, वेचणाऱ्या मावश्या हा एक. प्रत्येक सीन स्वतःच्या पायावर उभा राहतो का बघा, साउंड बंद करून बघा, मग चित्र बंद करून नुसतं ऐका. नुसतं ऐकून पण गोष्ट कळत असेल तर तुमचा सीन मजबूत आहे. मग प्रत्येक सीनची एक चिठ्ठी, भिंतीवर लावा आणि क्रम बदलत बसा, दिवसेंदिवस बसा. एका रात्रीची गोष्ट म्हणून सांगायची की पावसाळा ते उन्हाळा अशी, तो माणूस आधी दाखवायचा की आधी गोण्या आणि मग तो, इथे फिल्म ठरते आणि याला शॉर्टकट नाहीये.

इंटरव्ह्यूवर अख्खी फिल्म उभी करायची आणि त्यावर शॉट चिकटवायचे ही आपल्याकडची कॉर्पोरेट एव्हीची सवय आहे, ती इथे चालत नाही. करून बघा, सगळे इंटरव्ह्यू टाइमलाइनवरून काढून टाका आणि काय उरतं ते बघा, मग जिथे खरंच समजत नाहीये तिथेच थोडं बोलणं परत आणा. म्युझिकचं पण तसंच. सितार आणि बासरी लावून हमालाला बिचारा करू नका, तो बिचारा नाहीये, तो कसबी कामगार आहे आणि १९६९ चा माथाडी कायदा लढून मिळवलेल्या लोकांचा वारस आहे. मार्केटचे आवाज इतके भारी आहेत, लिलावासारख्या आरोळ्या, हातगाडीचं चाक, पहाटेची अजान आणि देवळातली घंटा एकामागोमाग, ते नीट बसवा.

रफ कट, म्हणजे पहिला कच्चा एडिट झाला की ज्यांना शूट केलं त्या लोकांना दाखवा. रूश आणि मोरँ यांनी 'क्रॉनिकल ऑफ अ समर'च्या वेळीच हे केलं, ज्यांना शूट केलं त्यांनाच बसवून फुटेज दाखवलं आणि त्यांनी त्यावर काय भांडण केलं ते पण फिल्ममध्ये ठेवलं. तुम्ही युनियनच्या हॉलमध्ये किंवा एखाद्या गाळ्यात दुपारी चादर लावून दाखवू शकता. कोणी म्हणालं की हे वाक्य काढ, शेठ ओरडेल, तर काढायचं. त्याची नोकरी तुमच्या कटपेक्षा मोठी आहे.

पोट कसं भरायचं

फ्रान्समध्ये फ्रीलान्स कॅमेरावाले आणि एडिटर यांच्यासाठी सरकारी व्यवस्था आहे, १२ महिन्यांत ५०७ तास काम दाखवलं की मधल्या रिकाम्या काळात बेकारी भत्ता मिळतो. शिवाय १९४६ पासून सीएनसी ही संस्था सिनेमाला पैसे देते, आर्तेसारखा चॅनल डॉक्युमेंटरी विकत घेतो. तिथले लोक एका विषयावर वर्षानुवर्षं टिकतात त्यामागे हे सगळं आहे, नुसतं पॅशन नाही. आपल्याकडे हे नाही, म्हणून महिन्याचे दिवस वाटून घ्या. ठाण्यात लग्नाचे एडिट, महापे-रबाळेच्या कंपन्यांच्या फिल्म, शाळांचे कार्यक्रम, यात लाजण्यासारखं काहीही नाही, लग्नाच्या गर्दीत फोकस धरायला शिकलेला माणूस एपीएमसीत कधी हरवत नाही. फक्त आठवड्याचे ठरलेले दिवस स्वतःच्या फिल्मचे ठेवा आणि त्या दिवशी कोणाचंही काम घेऊ नका, कितीही जवळचा असला तरी.

शिकायचं असेल तर एफटीआयआयची एंट्रन्स द्या, सिनेमॅटोग्राफी आणि एडिटिंग दोन्ही वेगळे कोर्स आहेत. फ्रान्सला जायची इच्छा असेल तर ला फेमिस ही फिल्म स्कूल आणि एकोल लुई-ल्युमिएर (१९२६ ची, सिनेमा-फोटोग्राफी-साउंडची जुनी शाळा) ही मोठी नावं, पण एंट्रन्स कठीण आणि शिक्षण फ्रेंचमध्ये. तेव्हा भाषा आधी, मरीन लाइन्सला आलियान्स फ्रान्सेज आहे, ठाण्याहून लोकलने आरामात जाता येतं.

फिल्म पाठवताना आधी घरचं, मुंबईचा मिफ (मुंबई इंटरनॅशनल फिल्म फेस्टिव्हल) १९९० पासून भरतो, दर दोन वर्षांनी, त्याची तारीख बघून तुमचा फायनल कट आखा. केरळचा आयडीएसएफएफके फेस्टिव्हल शॉर्ट आणि डॉक्युमेंटरीसाठी फार चांगला आहे. फ्रान्समध्ये पॅरिसचा सिनेमा द्यू रेएल हा डॉक्युमेंटरी फेस्टिव्हल, आणि आर्देश भागात लुसा नावाच्या छोट्या गावात १९८९ पासून दर उन्हाळ्यात भरणारा डॉक्युमेंटरीचा मेळावा. प्रीमियरचे नियम वाचल्याशिवाय फिल्म यूट्यूबवर टाकू नका, बऱ्याच फेस्टिव्हलना आधी कुठे न दाखवलेली फिल्म लागते. प्रायव्हेट लिंकला पासवर्ड ठेवा आणि निकाल लागेपर्यंत तो बदलू नका, ज्युरी कधी उघडेल सांगता येत नाही. सबटायटल आधी मराठीत वेळेसकट बनवा, मग त्यावरून इंग्रजी, एका ओळीत ४० अक्षरांच्या आत, आणि ते इंग्रजी अशा एखाद्याला वाचायला द्या ज्याला मराठी अजिबात येत नाही, त्याला जिथे अडेल तिथे परत लिहा. फ्रेंच सबटायटलवर आत्ता पैसे घालू नका, फिल्म निवडली गेली की फेस्टिव्हल काय मागतो ते बघून मग करता येतं.